रियाजाच्या खोलीसाठी मौन: ओतीव घ्यावं की विणलेलं?

ग्वाल्हेरात लश्कर भागातला जुना वाडा असो की थाटीपुरातला फ्लॅट, गाणाऱ्या घरात हा विषय देवउठनी ग्यारसच्या, म्हणजे कार्तिकी एकादशीच्या, आधी निघतोच. एकदा वराती सुरू झाल्या की ना ओतणारा हाताशी लागतो ना विणकर. मौन कसं धरतात, पहाटेचंच का धरतात, हे ठाऊक असेल असं धरून चालतो. प्रश्न एवढाच, की भिंतीला ओतीव मौनाच्या पाट्या लावाव्यात की विणलेल्या मौनाचे पडदे.

पाट्यांचं गणित सोपं आहे. फूट बाय फूट, दोन बोटं जाड. चुना एक भाग, वालुकाश्माची पूड दोन भाग, आणि साचा मिटायच्या क्षणी मौन. पौषातल्या धुक्यात धरलेलं सगळ्यात जड भरतं, उन्हाळ्यातलं साच्यातच उडून जातं. १० बाय १२ च्या खोलीला पाच फूट उंचीपर्यंत, दार सोडून, २०५ पाट्या लागतात; मोडतोड धरून २२५ मागवाव्यात. खऱ्या पाटीच्या पाठीवर छोटं वर्तुळ कोरलेलं असतं, किल्ल्यावरच्या चतुर्भुज मंदिरात ८७६ सालच्या शिलालेखातल्या २७० मध्ये शून्य आहे ना, अगदी तसं, शेजारच्या अंकांहून लहान. पण खुणेवर विसंबू नका, टिचकी मारून बघा. ‘ठप्प’ वाजली तर घ्या. नुसत्या चुन्याची ‘टण्ण’ वाजते.

विणलेल्या मौनात ताणा (उभे धागे) रेशमाचा, चंदेरीसारखाच. बाण्यात (आडव्या धाग्यांत) सुताच्या दर दोन तारांमागे मौनाची एक. ४५ इंची पन्ह्याचे १८ पट्टे, नऊ फुटांची उंची आणि चुण्या-शिवण धरून साधारण ५२ मीटर कापड. पारख काठाशी करायची: कापडामागे टिकटिकणारं घड्याळ धरा आणि कान काठाला लावा. मध्यभागी सगळीच कापडं बरी असतात. पीळ ढिला राहिला असेल तर कुजबुज काठातूनच पाझरते. आणि टांगताना भिंतीपासून चार बोटं सोडा. भिंतीला चिकटवलं तर वरच्या पट्टीचे आवाज अडतील, पण डीजेचा धमका जसाच्या तसा आत येईल.

टिकण्यात पाटी सरस, यात वाद नाही. तिला ओल लागत नाही, कसर लागत नाही. कापडाचं तसं नाही. मौनाची तार आवाज खाता खाता झिजते आणि चार-पाच वर्षांत बाणा विरळ होतो, मग नवीन भरून घ्यावा लागतो. शिवाय आपल्याकडचा मे महिना! कूलरशिवाय इथे कोण गाणार? पण कूलरची ओली हवा थेट पडद्यावर आली की रेशीम जड होऊन झोळ पडतो, आणि झोळाखाली मौन गोळा होतं. तिथे तोंड करून गायलात तर तुमचाच षड्ज तुम्हाला ऐकू येत नाही. कूलर पडद्यापासून निदान चार फूट आणि तोंड दाराकडे, हा नियम मोडू नये.

तानपुऱ्याची तक्रार दोन्हीकडे आहे. कापडाने वेढलेल्या खोलीत जवारी, म्हणजे तारांची गुंजणारी झणक, बसते, ‘सा’चं शेपूट तुटतं. तानपुऱ्यामागची एक भिंत उघडी ठेवली की बऱ्यापैकी भागतं. पाट्यांत जवारी छान राहते, किंबहुना पहिले काही आठवडे खोली स्वर्ग वाटते.

मग पाट्या भरतात. हे दुकानदार सांगतो, पण घाईघाईत सांगतो. पाटी आवाज संपवत नाही, साठवते. लग्नसराईत पंधरा दिवसांत ‘ठप्प’ची ‘टण्ण’ होते. मग पाट्या उतरवायच्या, गच्चीवर वाळू पसरून उन्हात पालथ्या घालायच्या, दोन तास. आवाज उलट्या क्रमाने बाहेर पडतात. शेवटी शिरलेला आधी. कुकरच्या शिट्ट्या, वरातीचा बँड, आणि त्यांच्या मधेच शेजारच्या काकूंचं सुनेशी झालेलं सगळं बोलणं, त्यांच्याच आवाजात, त्यांच्याच गच्चीला लागून. त्याशिवाय आपल्या चुकलेल्या ताना. ज्या गल्लीत निम्म्या घरांतून गाणं आहे, तिथे भर दुपारी आपला बेसूर कोमल धैवत उन्हात वाळत घालायचा, आणि संध्याकाळी त्याच लोकांना नमस्कार करायचा! रात्री रिकाम्या कराव्यात म्हणाल, तर त्यांना ऊनच लागतं. ब्लँकेट टाकून बघतात काही जण. ऊन अडतं आणि पाट्या अर्धवट भरलेल्या राहतात, मग मधल्याच रात्री एखादी शिट्टी सुटते.

ज्यांचं घर गावाबाहेर, गच्ची मोकळी, त्यांना हा त्रास कदाचित जाणवणारही नाही. त्यांनी पाट्या खुशाल घ्याव्यात, नातवंडांपर्यंत पुरतील. दौलतगंजात, जिवाजीगंजात, जिथे गच्चीला गच्ची लागून आहे, तिथे मात्र मला पडदेच बरे वाटतात. खर्च पुन्हा पुन्हा होतो, पण कापडाने खाल्लेलं कुणाला परत ऐकवावं लागत नाही. आठवड्यातून एकदा झटकलं की झालं. खाली करडी भुकटी पडते, ती केरात जाते.

पडदे घेतलेत तरी दोन पाट्या मात्र मागवा. एक कापून उंबऱ्याला बसवायची, दाराखाली जेवढी फट असेल तेवढीच, चुन्यात; सिमेंटमध्ये बसवली तर ती तडकते. फट राहिली तर ५२ मीटरचा उपयोग निम्माच. दुसरी राखीव ठेवायची, पहिली उन्हात असताना लावायला. एकच पाटी असली की तिच्यात फार काही साठत नाही, चपलांची सरपट आणि दारावरची बेल, एवढंच.