योगाच्या परिभाषेसाठी आधी कोणता ग्रंथ: योगसूत्रे की हठयोगप्रदीपिका?

योगवर्गात कानावर पडणारे संस्कृत शब्द मुळातून समजून घ्यायचे ठरवले, की पतंजलींची योगसूत्रे आधी वाचावीत की स्वात्मारामांची हठयोगप्रदीपिका, असा पेच अनेकांना पडतो.

विस्ताराने सूत्रे लहान आहेत. चार पादांत, म्हणजे प्रकरणांत, मिळून ती 195 किंवा 196 भरतात, परंतु लहान म्हणजे सोपी नव्हेत. ‘योगश्चित्तवृत्तिनिरोधः’ (चित्ताच्या वृत्ती आवरणे म्हणजे योग) या सूत्रातील ‘वृत्ति’ आणि ‘निरोध’ हे शब्द व्यासभाष्याचा, म्हणजे सूत्रांवरील प्राचीन टीकेचा, आधार घेतल्याशिवाय नीट उलगडत नाहीत. प्रदीपिका पद्यमय असून तिचे श्लोक बहुतांशी सरळ अर्थाचे आहेत.

खरा फरक शब्दांच्या कक्षेत आहे. सूत्रांत आसनाला जेमतेम तीन सूत्रे मिळतात आणि ‘स्थिरसुखमासनम्’ म्हणताना एकाही आसनाचे नाव येत नाही. भर आहे तो क्लेश (मनाला पीडा देणारे दोष), संस्कार (मनावर उमटलेले ठसे), धारणा (चित्त एका जागी स्थिर करणे), समाधी यांवर. याउलट 15 आसने, आठ कुंभक (श्वास रोखण्याचे प्रकार), मुद्रा, बंध (शरीराचा विशिष्ट भाग आवळून धरणे) आणि नाडी (प्राण वाहण्याचे मार्ग) ही सारी परिभाषा प्रदीपिकेत येते. आज सर्रास प्राणायाम म्हणून शिकवली जाणारी कपालभाती तिथे धौती, नेतीच्या पंक्तीत, षट्कर्मांपैकी, म्हणजे शरीरशुद्धीच्या सहा क्रियांपैकी, एक म्हणून आढळते, हे पाहून पुष्कळांना आश्चर्य वाटेल.

प्रदीपिकेतील क्रिया मात्र केवळ वाचून करू नयेत.

ध्यान आणि मनोव्यापारांची परिभाषा हवी असलेल्याने टीकेसह योगसूत्रांपासून आरंभ करावा. आसन-प्राणायामाच्या सरावात भेटणाऱ्या शब्दांचा उलगडा हवा असलेल्यास प्रदीपिकाच अधिक उपयोगी पडेल.