तीन महिने पैसे भरून बघितलं: बायकांनी बनवलेले ॲडल्ट सिनेमे

आधीच सांगते, १८ च्या खाली असाल तर इथूनच मागे फिरा. आणि चटपटीत काही वाचायला मिळेल म्हणून आला असाल तर तेही नाहीये.

फुकटच्या साइट्सचा मला कधीचाच वीट आलेला, म्हणजे ती बाई कोण, तिची मर्जी होती का, व्हिडिओ तिने टाकलाय का कुणी तिच्या नकळत टाकलाय, काहीच कळत नाही आणि एकदा हे डोक्यात शिरलं की बघण्यातली मजाच जाते. म्हणून एका साइटचं सबस्क्रिप्शन घेतलं, बहुतेक दिग्दर्शक बायका, प्रत्येक फिल्मला गोष्ट. नाव देत नाही कारण खाली तक्रारी आहेत.

तसं हे नवीन नाही. कँडिडा रॉयल आधी स्वतःच अशा सिनेमांत कामं करायची, १९८४ ला तिने स्वतःची कंपनी काढली आणि पुरुषाचं झालं की सिनेमा संपला हा धंद्यातला नियमच मोडला. मग बार्सिलोनात काम करणारी दिग्दर्शिका एरिका लस्ट, तिने २००४ मध्ये तोच घासून गुळगुळीत झालेला पिझ्झा द्यायला आलेल्या माणसाचा प्रसंग बाईच्या बाजूने सांगितला, आणि २०१३ पासून लोकांनी निनावी लिहून पाठवलेल्या गोष्टींवर फिल्म्स बनवायला लागली. मी घेतलेली साइट त्याच वळणाची.

आता फिल्म्स. सगळ्यात आवडली ती चाळिशीतल्या दोघांची, घटस्फोट होऊन बरीच वर्षं झालीत आणि परत भेटलेत. नको त्या वेळी तिच्या ड्रेसची चेन अडकते. तो चष्मा लावून खटपट करतोय, तिला हसू आवरत नाहीये, शेवटी ती म्हणते सोड, वरूनच काढ. एवढं सगळं ठेवलंय, कापलं नाही! आणि पुढे कॅमेरा तिच्या चेहऱ्यावर राहतो, मध्येच तो विचारतो "असं चालेल?" आणि ती म्हणते "नको, थांब जरा" आणि तो खरंच थांबतो. यात मूड जातो असं कोण म्हणतं कुणास ठाऊक, माझा तरी गेला नाही.

बाकी सगळ्याच अशा नाहीत हां. काहींत गोष्ट म्हणजे नुसती पाच मिनिटं खिडकीतून पाऊस बघणे. संवाद तर काही ठिकाणी इतके लाकडी की नवरा म्हणाला आवाज बंद कर. आणि "सगळ्या प्रकारची शरीरं" असं मोठ्या अक्षरात लिहिलंय पण मोजून बघा, चारातल्या तीन फिल्म्समध्ये तीच सडपातळ पंचविशीतली मंडळी, सगळे राहतात मात्र मासिकातल्या घरांत.

फिल्मनंतर कलाकारांची छोटी मुलाखत असते, माझ्यासाठी पैसे वसूल इथे झाले. काय करायचं, काय अजिबात नाही ते शूटिंगच्या आधीच ठरतं, रक्ताच्या तपासण्या होतात, सेटवर इंटिमसी कोऑर्डिनेटर असते, म्हणजे असे सीन कलाकारांच्या मर्जीने होतायत ना हे बघणारी बाई, आणि सही केली असली तरी मध्येच नाही म्हणता येतं. एक मुलगी सांगत होती की तिने एक सीन अर्ध्यात थांबवला आणि त्या दिवसाचे पैसे पूर्ण मिळाले. ऐकून बरं वाटलं, पण मग डोक्यात आलं की ही मुलाखतही कंपनीच घेते, कंपनीच एडिट करते, मग ज्याला वाईट अनुभव आला तो इथे दिसणार कसा? नुसता फेमिनिस्ट शिक्का मारला म्हणून मी डोळे झाकून विश्वास ठेवणार नाही. क्रेडिट्समध्ये लाइटवाल्यापासून सगळ्यांची नावं असतात, फुकटच्या साइटवर तेवढंही नसतं, हे मात्र मान्य.

सगळ्यात जास्त चिडले ते कॅन्सल करताना. सबस्क्रिप्शन आपोआप रिन्यू होतं, बंद करायचं बटण सेटिंगच्या सेटिंगमध्ये, वर तीन वेळा विचारतात खरंच जाताय का, कशाला जाताय. अरे, मुलाखतीत एवढं सांगता ना की नाही म्हटलं की थांबायचं?

पाचपैकी साडेतीन. चेनवाली फिल्म जायच्या आधी परत एकदा बघून घेतली.