द्रागुनोव की पीएसजी-१?

इंदूरहून महू तासाभरावर. तिथल्या इन्फंट्री स्कूलमुळे आमच्याकडे निवृत्त फौजी गल्लोगल्ली भेटतात आणि पोह्यांच्या गाड्यावर हा वाद हमखास रंगतो. दोन्ही दुरून नेम साधायच्या स्नायपर रायफली, अर्धस्वयंचलित (एकदा चाप ओढला की एक गोळी), पण जातकुळी वेगळी.

जर्मन पीएसजी-१ जन्मली १९७२च्या म्युनिक ऑलिंपिकमधल्या ओलीस प्रकरणानंतर, पोलिसांसाठी. कसोटी कडक: ३०० मीटरवर ५० गोळ्या ८० मिलिमीटरच्या वर्तुळात. नेमात द्रागुनोव तिच्या जवळपासही नाही. पण दुर्बिणीसकट ही पीएसजी बया आठ किलोच्या आसपास! शिवाय रिकामं काडतूस दहा मीटर लांब भिरकावते. लपून बसलेल्याला ते परवडतं का? किंमत दहा हजार डॉलरच्या वर.

सोव्हिएत द्रागुनोव १९६३ची. दुर्बिणीसह साडेचार किलोच्या आत, दहा गोळ्यांचं मॅगझिन, धूळ-चिखलाला न घाबरणारी. ती मुळात पलटणीसोबत धावणाऱ्या नेमबाजासाठी. सुरुवातीला नळीतल्या, गोळीला फिरकी देणाऱ्या आट्यांचा एक वेढा ३२० मिलिमीटरचा होता. चिलखतभेदी जळती गोळीही नीट जावी म्हणून तो २४० केला आणि अचूकता साधारण पाचव्या हिश्श्याने घटली. हे सोव्हिएत गणित मला तरी पटतं. सैनिकाला गोळ्यांच्या खुणांचा नाण्याएवढा गट नको असतो, समोरचा माणूस टिपायचा असतो.

ओलीस सोडवायचे असतील तर पीएसजी. डोंगर चढायचा असेल तर डोळे मिटून द्रागुनोव, आणि उरलेल्या पैशांत गोळ्या. सरावाशिवाय दोन्ही लोखंडच. आपल्याला अर्थात दोन्ही मिळायच्या नाहीत, कायद्याने बंदी आहे. पोहे तेवढे मिळतात.