भयपटाचे पार्श्वसंगीत: सिंथेसायझर की त्या जागेचा आवाज?

कोकणात घडणाऱ्या भयपटाला पार्श्वसंगीत देताना संगीतकारापुढे दोन वाटा असतात: संगणकावरील सिंथेसायझरने सगळे वातावरण उभे करणे, किंवा त्या जागेचेच आवाज ध्वनिमुद्रित करून त्यांतून संगीत घडवणे.

सिंथेसायझर सोयीचा आहे, यात शंका नाही. दिग्दर्शकाने प्रसंग चार सेकंदांनी कापला तरी सूर तेवढाच आखूड करता येतो आणि ४० ते ६० हर्ट्‌झचा खर्ज चित्रपटगृहात छातीत घुमतो; मोबाइलच्या स्पीकरवर मात्र तो जवळजवळ नाहीसा होतो.

ध्वनिमुद्रणाला कष्ट फार. वेंगुर्ल्याच्या किनाऱ्यावर सुरूच्या बनातून वारा जो लांबट सुस्कारा टाकतो, तो टिपायचा तर मायक्रोफोनवर केसाळ आवरण चढवावे लागते आणि लाटांची गाज मागे पडेल इतके आत जावे लागते. मी तो आवाज निम्म्या वेगाने वाजवून पाहिला, तेव्हा तो एक सप्तक खाली उतरला आणि कोणीतरी दाराआड श्वास घेत असल्यासारखा भासू लागला. दशावतारी नाटकातल्या पायपेटीचा, म्हणजे पायाने चालवायच्या हार्मोनियमचा, भाता पट्टी न दाबता नुसता हलवला, तरी त्याची धाप अशीच अंगावर येते. ओळखीची वस्तू अनोळखी वागू लागली की माणूस खरा घाबरतो, आणि ती ओळख सिंथेसायझरमधल्या तयार आवाजांत मिळत नाही. म्हणून माझा कौल ध्वनिमुद्रणाला आहे.

थरारपटातील पाठलागाला नेमकी लय हवी असते. तिथे सिंथेसायझरच बरा. भयपटात मात्र खाडीकाठच्या घरातला दिवा विझल्यावर मी खर्जही काढून टाकीन आणि फक्त सुरूचा वारा ठेवीन.