लॅम्बो फील्ड टूर आणि पॅकर्स हॉल ऑफ फेम, ग्रीन बे: ९२ नंबरसाठी जा

आधी निकाल सांगते, टूर घ्याच आणि सोबत हॉल ऑफ फेमचंही (टीमच्या इतिहासाचं म्युझियम) तिकीट घ्या, दोन्हीतलं एकच करून परत येऊ नका. ग्रीन बे हे विस्कॉन्सिनमधलं जेमतेम लाखभर वस्तीचं गाव, मिलवॉकीहून गाडीने दोन तास, शिकागोहून साडेतीन धरा, आणि एवढ्याशा गावात ८१ हजार लोक बसतील असं स्टेडियम आहे जे १९५७ पासून तिथेच उभं आहे. इथल्या पॅकर्स या अमेरिकन फुटबॉल टीमला एक असा मालक नाही, पाच लाखांहून जास्त लोकांकडे शेअर्स आहेत, त्यावर डिव्हिडंड नाही, विकून नफा कमवायची सोय नाही, तरी विक्री निघाली की लोक तुटून पडतात. सीझन तिकिटांची वेटिंग लिस्ट लाखाच्या वर आहे.

पण हे सगळं टूरवाले सांगतातच, मला लिहायचंय ते ९२ नंबरची जर्सी घालणाऱ्या रेजी व्हाइटबद्दल. इथे येणारी बहुतेक मंडळी कोच लोम्बार्डी आणि क्वार्टरबॅक (पास टाकणारा मुख्य खेळाडू) ब्रेट फार्व्ह यांच्या नावावर येतात, आणि ते समजू शकतं, कारण टीव्हीवर कॅमेरा बॉलच्या मागे जातो. डिफेन्सिव्ह लाइनवरचा माणूस प्रत्येक प्लेला समोरच्या सव्वाशे-दीडशे किलोच्या गड्याशी झुंजत असतो आणि आपल्याला त्याची पाठ पण नीट दिसत नाही. म्हणून जायच्या आधी याचं करिअर वाचून जा, नाहीतर ९२ हा आकडा बघून पुढे निघून जाल.

रेजी व्हाइट टेनेसीतल्या चॅटनूगाचा, जन्म १९६१. सतराव्या वर्षी बॅप्टिस्ट चर्चचा पाद्री झाला म्हणून पुढे त्याला 'मिनिस्टर ऑफ डिफेन्स' म्हणायला लागले. युनिव्हर्सिटी ऑफ टेनेसीतून निघाल्यावर तो आधी एनएफएलमध्ये (अमेरिकन फुटबॉलची मुख्य लीग, पॅकर्स तिथलेच) गेलाच नाही, यूएसएफएल नावाची नवी लीग निघाली होती तिथे मेम्फिस शोबोट्सकडून दोन सीझन खेळला, आणि १९८५ मध्ये तिकडचा सीझन संपवून त्याच वर्षी फिलाडेल्फिया ईगल्सकडे येऊन १३ मॅचमध्ये १३ सॅक. एका वर्षात दोन लीगचे सीझन, आणि तेही लाइनवर! अंगाची काय अवस्था होत असेल विचार करा. (सॅक म्हणजे क्वार्टरबॅकने पास टाकायच्या आधी त्याला मागेच लोळवणं, डिफेन्सिव्ह एंडची खरी कमाई तीच.) ईगल्ससाठी १२१ मॅच आणि १२४ सॅक, म्हणजे मॅचमागे एकाहून जास्त, हे मी लिहितानाही परत एकदा वाचते. १९८७ मध्ये खेळाडूंचा संप झाला, त्याला १२च मॅच मिळाल्या, त्यात २१ सॅक.

माझे बाबा सांगलीचे, तरुणपणी तालमीत जायचे, ते इथे आले होते तेव्हा त्यांना घेऊन गेले होते. फुटबॉलचे नियम त्यांना काही माहीत नाहीत पण रेजीचा 'हंप मूव्ह' मी मोबाइलवर दाखवला आणि त्यांना एका बघण्यात कळला. तो बाहेरच्या बाजूने जोरात धावायचा, समोरचा टॅकल (क्वार्टरबॅकला राखणारा खेळाडू) त्याला अडवायला बाहेर सरकला की सगळा भार त्या बाजूला जाणार, नेमका तेव्हाच आतल्या हाताने बरगडीखाली लावून त्याला त्याच दिशेला उडवायचा आणि स्वतः आतून क्वार्टरबॅककडे. बाबा म्हणाले, "अगं हा तर कुस्तीतला डाव आहे, समोरच्याचाच जोर त्याच्यावर उलटवतोय." मग पुढची सगळी टूर ते माझ्या मागे लागले होते की हा अजून कुठे कुठे खेळला ते सांग.

टूरचं सांगायचं तर साधी क्लासिक टूर साधारण तासाभराची असते आणि पहिल्यांदा जाणाऱ्याला ती पुरते, मोठ्या टूर्समध्ये जास्त जागा बघायला मिळतात एवढंच. सगळ्यात भारी भाग खेळाडूंचा टनल. जुन्या टनलचं काँक्रीट काढून नव्या टनलमध्ये बसवलंय, त्यावरून तुम्ही चालता, गर्दीचा आवाज लावतात आणि एकदम समोर हिरवं मैदान उघडतं. गवतावर पाय ठेवू देत नाहीत, ते बरोबरच आहे. वर स्टँडकडे बघा, रिटायर केलेले, म्हणजे परत कुणाला न देण्याचे, नंबर लिहिलेत, शंभर वर्षांहून जुन्या टीमने फक्त सहा नंबर रिटायर केलेत, त्यातला एक ९२. ईगल्सनेही त्याचा ९२ रिटायर केलाय आणि युनिव्हर्सिटीनेही.

आता इथे उभं राहून आठवायची गोष्ट, २६ डिसेंबर १९९३. पॅकर्स विरुद्ध रेडर्स, हाडं गोठवणारी थंडी. पॅकर्सच्या डिफेन्समधल्या लिरॉय बटलरने टक्कर मारून बॉल सोडवला, तो रेजीने उचलला, थोडा पळाला आणि पडता पडता परत बटलरकडे टाकला, बटलरने टचडाऊन केला आणि थेट प्रेक्षकांत उडी मारली. तीच पहिली लॅम्बो लीप, टचडाऊननंतर प्रेक्षकांत उडी मारायची इथली प्रथा, आज स्टेडियमबाहेर तिचा पुतळा आहे आणि लोक त्यावर चढून फोटो काढतात. उडी बटलरची, खरंय, पण तो बॉल १३६ किलोच्या डिफेन्सिव्ह एंडने पळता पळता दिलेला होता हे फोटो काढताना लक्षात असू द्या.

रेजी ग्रीन बेला आला हेच मुळात मोठं होतं. त्या काळी कॉन्ट्रॅक्ट संपलं तरी खेळाडूला मनासारखी टीम धरता येत नव्हती, टीम त्याला अडवून ठेवू शकायची. खेळाडूंनी लीगवर केस केली त्यात पहिलं नाव रेजीचं, १९९३ ला तडजोड झाली आणि फ्री एजन्सी सुरू झाली. मग सगळ्या मोठ्या टीम्स त्याच्या मागे, आणि याने निवडलं काय तर लोम्बार्डीने कोचपद सोडल्यानंतरच्या २५ सीझनमध्ये फक्त दोनदा प्लेऑफला (सीझननंतरची बाद फेरी) गेलेलं, कडाक्याच्या थंडीचं, जवळपास सगळं गोरं गाव. चार वर्षांचे १७ मिलियन डॉलर मिळाले, पैसा कारण होताच, आणि कोच माइक होल्मग्रेनने देवाच्या नावाने त्याच्या आन्सरिंग मशीनवर निरोप ठेवला होता असंही सांगतात. त्याच्यामागून इतर चांगले ब्लॅक खेळाडूही या गावाचा विचार करायला लागले. आज बडे खेळाडू टीम बदलताना जे करोडो घेतात त्याची वाट या माणसाने पाडलीय, आणि मला हे त्याच्या सॅकपेक्षाही मोठं वाटतं.

हॉल ऑफ फेममध्ये सुपर बोलच्या (लीगची फायनल) चार ट्रॉफी आहेत, त्यातली तिसरी रेजीची म्हणा. जानेवारी १९९७, न्यू ऑर्लीन्स, समोर न्यू इंग्लंड पेट्रियट्स. तिसऱ्या क्वार्टरमध्ये डेस्मंड हॉवर्डने ९९ यार्डांची किकऑफ पळवून टचडाऊन केला आणि लगेच पुढच्या ड्राइव्हला रेजीने त्यांचा क्वार्टरबॅक ड्रू ब्लेडसो याला लागोपाठ दोन प्लेमध्ये सॅक केलं, शेवटी अजून एक, एकूण तीन, तेव्हाचा सुपर बोल रेकॉर्ड. ३५-२१. २९ वर्षांनी ट्रॉफी गावात परत आली. एमव्हीपी (सामनावीर) हॉवर्डला मिळालं, त्यावर माझी तक्रार नाही, पण ती मॅच बंद कुणी केली हे ज्यांनी बघितली त्यांना माहितीय.

बाकी माणूस म्हणून सगळं गोड नव्हतं. १९९६ मध्ये नॉक्सव्हिलमधलं त्याचं चर्च जाळलं गेलं तेव्हा विस्कॉन्सिनच्या लोकांनी भरभरून पैसे पाठवले, आणि त्याच विस्कॉन्सिनच्या विधानसभेत १९९८ मध्ये त्याने वेगवेगळ्या वंशांबद्दल आणि समलिंगी लोकांबद्दल जे भाषण केलं ते मला पटत नाही, दुखवणारं होतं. हे सांगितल्याशिवाय त्याचं कौतुक करणं मला बरोबर वाटत नाही. त्याच वर्षी वयाच्या छत्तिसाव्या वर्षी १६ सॅक आणि दुसऱ्यांदा डिफेन्सिव्ह प्लेअर ऑफ द इयर, मग एक वर्ष घरी, २००० मध्ये कॅरोलायना पँथर्सकडे शेवटचा सीझन. एकूण १९८ सॅक, निवृत्त झाला तेव्हा तो लीगचा रेकॉर्ड होता, नंतर ब्रूस स्मिथने २०० केले. सलग १३ प्रो बोल, म्हणजे वर्षाच्या निवडक खेळाडूंच्या मॅचसाठी निवड. आणि २००४ मध्ये, २६ डिसेंबरलाच, ४३व्या वर्षी गेला. ओहायोतल्या कँटनच्या, सगळ्या फुटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये २००६ ला घेतलं, ते बघायला तो नव्हता.

जाणाऱ्यांसाठी थोडं कामाचं. होम मॅचच्या दिवशी टूर नसते, तारीख बघून जा. आईबाबा सोबत असतील तर चालायला बरंच आहे, पायात चांगले बूट हवेत, आणि ऑक्टोबरनंतर गेलात तर मैदानाजवळचा वारा अंगात शिरतो, जॅकेट गाडीत ठेवू नका. खायला एट्रियममध्येच १९१९ किचन अँड टॅप आहे, चीज कर्ड्स घ्या, विस्कॉन्सिनमध्ये येऊन ते सोडायचे नसतात. मुलं असतील तर रस्त्यापलीकडे टाइटलटाउन पार्क आहे, थंडीत तिथे टेकडीवरून ट्यूबमध्ये बसून घसरता येतं. आणि क्रम असा ठेवा, आधी हॉल ऑफ फेम नीट दोन तास देऊन बघा, मग टूर, म्हणजे टनलमधून बाहेर येताना ते नंबर कुणाकुणाचे हे तुम्हाला विचारायला लागणार नाही.