दुसऱ्यांदा लेझर: ऊसाचा एक हंगाम रात्री गाडी चालवून बघितल्यावर

२०११ साली पुण्यात दोन्ही डोळ्यांचं लॅसिक, म्हणजे नंबर घालवायचं लेझरचं ऑपरेशन, केलं, तेव्हा नंबर मायनस साडेपाचच्या आसपास होता. दुसऱ्या दिवशी सकाळी भिंतीवरचं कॅलेंडर चष्म्याशिवाय वाचता आलं आणि त्यानंतर कितीतरी वर्षं डोळ्यांचा विषय घरात निघालाच नाही. मग उजव्या डोळ्याचा नंबर हळूहळू परत आला. मायनस एक, त्यावर पाऊण सिलिंडर, म्हणजे एका ठराविक कोनातला तिरका नंबर. डावा मायनस पाववर थांबलेला.

आकडे ऐकायला किरकोळ आहेत. मी सांगलीच्या मार्केट यार्डात हळदीच्या अडत दुकानात दिवाणजी आहे. दिवसभर सौद्यांच्या हिशेबाच्या पट्ट्या आणि कॉम्प्युटर, त्यात काहीच अडत नव्हतं. अडायचं ते रात्री. गाव आष्ट्याच्या पुढं, त्यामुळं आठवड्यातून एखादी फेरी अंधारात होतेच. नोव्हेंबरपासून त्या रस्त्यावर ऊस सुरू होतो. दोन ट्रॉल्या जोडलेला ट्रॅक्टर, मागं लाल दिवा नाही, रेडियम कधी असतं कधी चिखलाखाली गेलेलं, आणि समोरून येणाऱ्याचा अप्पर. त्या दिव्याचा पिंजलेला कापूस व्हायचा आणि त्याच्यामागं ट्रॉली आहे की रिकामा रस्ता, हे कळायला नको तेवढा वेळ लागायचा. त्यात उजवा माझा मुख्य डोळा. दोन्ही हातांचा त्रिकोण करून त्यातून लांबचं घड्याळ बघायचं आणि एकेक डोळा मिटायचा. ज्या डोळ्याला घड्याळ त्रिकोणातच दिसत राहतं तो मुख्य. त्याच डोळ्याचा नंबर परत आला की डावा कितीही चांगला असला तरी मेंदूचं समाधान होत नाही.

मिरजेला डॉक्टरांना दाखवलं. लेझरचं नाव त्यांनी पहिल्या भेटीत काढलंच नाही. म्हणाले, "आधी या नंबरचा चष्मा करा आणि महिनाभर रात्री लावून गाडी चालवा. चष्म्यानं जेवढं साफ होईल तेवढंच लेझरनं होईल. चष्मा लावूनही दिवे फुटत असतील तर लेझर करून काही उपयोग नाही."

या अख्ख्या अनुभवातली मला सगळ्यात कामाची गोष्ट हीच वाटते. लॅसिकनंतर लोकांच्या तक्रारी वेगवेगळ्या असतात. कुणाचा खरोखर नंबर उरलेला असतो. कुणाचा डोळा कोरडा पडलेला असतो. लॅसिकमध्ये बुबुळाचा, म्हणजे डोळ्याच्या पुढच्या पारदर्शक पडद्याचा, वरचा थर झाकणासारखा कापून उचलतात आणि त्याखाली लेझर मारतात; ते झाकण म्हणजे फ्लॅप. तो कापताना वरच्या थरातल्या नसा तुटतात, अश्रूंचा थर नीट टिकत नाही आणि नजर पापणी लवली की सुधारते, डोळा उघडा ठेवला की बिघडते. कुणाची अंधारात बाहुली एवढी मोठी होते की लेझर मारलेल्या भागाच्या कडेतून उजेड आत येतो आणि दिव्याभोवती कडं दिसतं. यातल्या पहिल्या तक्रारीवर चष्मा चालतो, म्हणून लेझरही चालतं. बाकी दोन्हीवर दुसरं लेझर म्हणजे पैसे घालून दुखणं विकत घेणं. माझ्या बाबतीत चष्म्यानं कापूस बराचसा गेला, थोडं कडं राहिलं. म्हणजे काय मिळणार आणि काय नाही, हे ऑपरेशनच्या आधीच माहीत झालं.

मग प्रश्न आला की नंबर परत आला कशानं. याला त्यांनी बराच वेळ दिला आणि ते बरोबरच होतं. एवढ्या वर्षांनी नंबर वाढला तर तो साधाही असू शकतो, मोतीबिंदूची सुरुवातही असू शकते, रक्तातली साखरही खालीवर होत असेल. आणि सगळ्यात वाईट म्हणजे पातळ झालेलं बुबुळ पुढं फुगायला लागलेलं असू शकतं. तसं असेल तर अजून खरवडणं म्हणजे सरळ नुकसान. तिथं बुबुळ घट्ट करायचं क्रॉस-लिंकिंग वगैरे वेगळे उपचार असतात. म्हणून टॉपोग्राफी, म्हणजे बुबुळाच्या चढउतारांचा नकाशा, केली, बुबुळाच्या मागच्या बाजूचा नकाशाही बघितला, आणि काही महिने मध्ये घालवून परत तेच सगळं केलं. दोन्ही वेळचा नंबर तोच आला तेव्हा पुढची बोलणी.

इथं जुनी फाइल लागली. पहिल्या ऑपरेशनच्या आधीची बुबुळाची जाडी किती, फ्लॅप किती मायक्रॉनचा (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग), लेझरनं किती काढलं, हे सगळं तिच्यात असतं. माझ्या पुण्याच्या कागदांत बिल तेवढं होतं. त्या दवाखान्याला फोन केले, मेल केले, शेवटी पुतण्या पुण्यात असतो त्याला समोर नेऊन उभा केला तेव्हा कागद आले. लॅसिक झालेल्या प्रत्येकानं ही फाइल आजच मागून घरात ठेवावी. उद्या मोतीबिंदू झाला की आत बसवायच्या लेन्सचं गणित बुबुळाच्या वक्रतेवर चालतं, आणि लेझर झालेल्या डोळ्यात नेहमीचं गणित चुकतं. तेव्हा हेच मूळ आकडे उपयोगी पडतात.

आकड्यांचा हिशेब मला आवडला, पेशाच तो. साधारण माणसाचं बुबुळ मध्यभागी ५४० मायक्रॉनच्या आसपास जाड असतं. साडेसहा मिलिमीटरच्या भागात एक नंबर काढायला ढोबळ चौदा मायक्रॉन जातात, म्हणजे साडेपाचाला पंचाहत्तरच्या वर. फ्लॅप शंभर-सव्वाशे. फ्लॅपखाली किमान २५० शिल्लक राहिलेच पाहिजेत, आणि सावध डॉक्टर त्याहून जास्तच ठेवतात. माझी शिल्लक भरपूर निघाली.

तरी जुना फ्लॅप उचलून खालून लेझर मारायला डॉक्टर तयार नव्हते. पहिल्या एक-दोन वर्षांत तो रस्ता सोपा असतो, दुसऱ्या दिवशी दिसायला लागतं. जुना फ्लॅप मात्र उचलला की कडेच्या पेशी आत शिरून खाली वाढण्याची भीती वाढते. म्हणून माझ्यासाठी पीआरके, म्हणजे वरचं नाजूक साल काढून थेट पृष्ठभागावर लेझर. बरं व्हायला हळू, पण जुन्या फ्लॅपला धक्का नाही.

अजून एक बोलणं झालं, ते जाहिरातीत कुणी सांगत नाही. माझं वय एक्केचाळीस. थोडा मायनस नंबर असला की चाळिशीत जवळचं वाचायला तोच मदत करतो. तो पुसला की वाचायचा चष्मा लवकर लागणार. डॉक्टरांनी समोर लेन्स धरून दाखवलं: पूर्ण नंबर घातला की यार्डातली पट्टी हातभर लांब धरावी लागत होती. पाव नंबर ठेवून बाकी काढायचं, सिलिंडर पूर्ण काढायचं, असं ठरलं. दुकानात शेठना सुट्टी मागितली तर ते म्हणाले, "दिवाणजी, एकदा पैसं भरलं हुतं की. ते पुसलं व्हय?" पहिल्या पॅकेजात "आयुष्यभर मोफत टचअप" लिहिलेलं होतं खरं, पण दरवर्षी त्यांच्याकडंच तपासणी केली असेल तरच, ही अट बारीक अक्षरात होती. विम्याचं तर नावच काढू नका. साडेसातच्या खालच्या नंबरसाठी केलेली दुरुस्ती आपल्याकडच्या आरोग्य विम्यात बसत नाही.

वेळ पावसाळा सरताना निवडली. यार्डात हळदीची आवक तेव्हा कमी, पोती उपसताना उडणारी पिवळी धूळ नाही, आणि ऊस सुरू व्हायला अवकाश. हळदीत काम करणाऱ्यानं पीआरके सौद्यांच्या दिवसांत करू नये.

ऑपरेशन म्हणून सांगण्यासारखं थोडंच आहे. बसलेलं असतानाच डोळ्यावर शाईची खूण केली, कारण आडवं झालं की डोळा थोडा फिरतो आणि सिलिंडरचा कोन चुकू शकतो. थेंब टाकून डोळा बधिर, पापण्यांना चिमटा, साल मऊ करून बाजूला. लेझर अगदी काही सेकंद. केस जळल्यासारखा वास येतो. खरं तर जळत काही नसतं. १९३ नॅनोमीटरच्या त्या अतिनील किरणानं पेशीजालाचे रासायनिक बंधच तुटतात आणि शेजारी आच लागत नाही. हे पहिल्यांदा दाखवलं ते आयबीएममध्ये काम करणारे, मूळचे मद्रासचे रंगस्वामी श्रीनिवासन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी, १९८१ साली, सणाच्या जेवणात उरलेल्या टर्कीच्या तुकड्यावर लेझर मारून. टेबलावर पडल्यापडल्या मला ते आठवलं आणि हसू आलं. "हलू नका," म्हणून बोलणी बसली.

बायकोचा जीव मात्र आधीच टांगणीला लागला होता. संमतीपत्रात मायटोमायसिन हे नाव वाचून तिनं तिथंच मोबाईलवर शोधलं आणि म्हणाली, "अहो, हे कॅन्सरचं औषध आहे, सही करू नका." जुन्या फ्लॅपवर पीआरके केलं की बरं होताना बुबुळावर धूसर डाग धरण्याचा धोका जास्त असतो. तो टाळायला हे औषध अगदी पातळ करून, ०.०२ टक्के, स्पंजवर घेऊन काही सेकंद ठेवतात आणि धुवून टाकतात. डॉक्टरांनी तिला बसवून समजावलं, तेव्हा सही झाली.

त्यानंतरचे तीन दिवस वाईट. हे साखर न घालता सांगतो, कारण पहिल्या लॅसिकच्या आठवणीवर जो येईल तो फसेल. डोळ्यात वाळू, पाण्याची धार, खिडकीचा पडदासुद्धा बोचणारा. बँडेज लेन्स घातलेली असते, तिच्याखाली साल परत येतं. ती निघाली तेव्हा दुखणं गेलं, पण नजर आधीपेक्षा खराब. तक्त्यावर ६/१८, म्हणजे चांगल्या डोळ्याला अठरा मीटरवरून दिसतं ते मला सहा मीटरवरून. नव्या डोळ्यानं जुन्यापेक्षा कमी दिसतंय हे माहीत असूनही मन घाबरतं. महिन्याअखेरीस ६/९, दिवाळीनंतर ६/६, तेही रोज सारखं नाही; सकाळी चांगलं, संध्याकाळी कॉम्प्युटरनंतर पुसट. स्टिरॉइडचे थेंब हळूहळू कमी करत बरेच आठवडे चालले. त्यानं डोळ्यातला दाब वाढू शकतो म्हणून मध्ये दाब तपासावा लागतो, आणि पातळ झालेल्या बुबुळावर यंत्र दाब कमी दाखवतं. त्यामुळं दुसऱ्या कुठल्या दवाखान्यात गेलात तर लॅसिक झालंय हे आधी सांगा. उन्हात गॉगल काही महिने सक्तीचा. यार्डात त्यावरून "हिरो आला" वगैरे झालंच.

मग ऊस सुरू झाला आणि खरी परीक्षा. पहिल्या काही फेऱ्यांत काळजाचा ठोका चुकत होता, डिसेंबरात फरक कळला. समोरचा अप्पर अजून त्रास देतो, पण दिवा आता दिवाच राहतो, आणि त्याच्या बाजूनं ट्रॉलीची कड दिसते, उसाची लोंबणारी वाढी दिसतात. कडं आहेच, चष्म्यासोबत जेवढं होतं तेवढंच. डॉक्टर म्हणाले होते तसंच.

उणं काय म्हणाल तर कोरडेपणा. पहिल्या लॅसिकचा केव्हाच विसरलो होतो, तो परत आला. खिशात कार्बोक्सिमिथाइलसेल्युलोजच्या थेंबांची बाटली असते, पंख्याखाली बसलो की जास्त लागते. पट्टीवरचे बारीक आकडे मंद उजेडात आता ताणून वाचावे लागतात, आधी तेवढे लागत नव्हते. दिवसाचंच काम असतं आणि रात्री गाडी चालवायची नसती, तर मी हे केलं नसतं; सातशे-हजाराच्या चष्म्यात भागलं असतं. दुकानातली पोरं विचारतात तेव्हा मी त्यांना आधी तेच सांगतो, आधी चष्मा लावून रात्रीचं बघून या.

डाव्या डोळ्याचंही करून घेऊ का, असं मध्यंतरी विचारलं होतं. डॉक्टर म्हणाले, त्या पाव नंबरला हात लावायचा नाही, पुढं वाचताना तो कामाला येईल. मला पटलं. आता पुढची तपासणी पावसाळ्याच्या आधी, कोरडेपणासाठी.