‘हाराकिरी’ची ब्लू-रे: नाकादाईंसाठी घ्यावी अशी डिस्क

जपानी अभिनेते तात्सुया नाकादाई पाहायला सुरुवात कुठून करावी? बहुतेक जण कुरोसावांच्या ‘रान’चं नाव घेतात. आमचं मत दिग्दर्शक मासाकी कोबायाशींच्या ‘हाराकिरी’ला (१९६२), आणि त्यातही क्रायटेरियन या अमेरिकी डिस्क कंपनीच्या ब्लू-रेला.

‘रान’मधला म्हातारा हिदेतोरा जाड रंगभूषेखाली आहे. इथे नाकादाई २९ वर्षांचे, आणि भूमिका आजोबा झालेल्या हान्शिरो या बेकार सामुराईची. मुलगी झालेल्या शिमा इवाशिता त्यांच्याहून जेमतेम ८ वर्षांनी लहान, जावई झालेले आकिरा इशिहामा तर जवळपास बरोबरीचे. तरी कुठे खटकत नाही, कारण दाढी सोडली तर सगळं वय आवाजात आहे. ‘ई’ नावाच्या सरदार घराण्याच्या वाड्यात हान्शिरो पहिल्यांदा बोलतो तो सूर ऐका: पोटातून येणारा, खर्जातला, एकाच पट्टीत. पूर्वीच्या दिवसांच्या प्रसंगांत तोच माणूस घरच्यांशी बोलतो तेव्हा सूर चढतो, शब्द भराभर येतात. नाटकातून आलेल्या नटाची ही कमाई आहे.

म्हणून या डिस्कवर आधी आवाज तपासावा. ट्रॅक मोनो, म्हणजे एकाच वाहिनीचा आहे, तो मोनोच राहू द्या. साउंडबारचा ‘सराउंड’ चालू राहिला की संवाद पोकळ होतात. ‘नाइट मोड’ही नको: शांततेत मध्येच पडणारा ताकेमित्सूंच्या संगीतातला बिवा या जपानी तंतुवाद्याचा आघात त्याने बोथट होतो. टीव्हीवर ‘डायनॅमिक’ ठेवलं तर अंगणातली पांढरी वाळू नुसती भगभगते आणि तिचा पोत जातो, ‘सिनेमा’ बरा. मोशन स्मूदिंग बंद करा, नाहीतर तलवारबाजी टीव्ही मालिकेसारखी गुळगुळीत दिसते. चौकट २.३५:१ आहे, वरखालच्या काळ्या पट्ट्या असायलाच हव्यात. झूम केलंत की कडेला बसलेली माणसं गायब.

सबटायटल फक्त इंग्रजी. अर्थ कळतो, पण कोण कोणाशी किती अदबीने बोलतोय ते त्यात उतरत नाही, आणि या चित्रपटात अर्धी लढाई अदबीचीच आहे. ती नाकादाई आणि ई घराण्याचा कारभारी झालेले रेंतारो मिकुनी यांच्या सुरांवरून ओळखावी लागते.

पुरवण्यांत नाकादाई आणि पटकथाकार शिनोबू हाशिमोतो यांच्या मुलाखती आहेत, कोबायाशींच्या मुलाखतीचा भाग आहे. चित्रपट अभ्यासक डोनल्ड रिची यांची प्रस्तावना नावालाच प्रस्तावना, ती शेवटी पाहा. समालोचनाचा ट्रॅक नाही, ही उणीव मात्र जाणवते. १३३ मिनिटांच्या इतक्या घट्ट बांधणीच्या चित्रपटाला तो हवा होता.

यानंतर कुरोसावांचे ‘योजिम्बो’ (१९६१), ‘सान्जुरो’ (१९६२) आणि ‘हाय अँड लो’ (१९६३) याच क्रमाने घ्यावेत. गळ्यात मफलर आणि हातात पिस्तूल घेतलेला गुंड, मग कावेबाज सामुराई, मग नीटस पोलीस अधिकारी, आणि मधे हा हान्शिरो. सगळं दोनेक वर्षांत! एका स्टुडिओशी करार करून न अडकल्यामुळे त्यांना हे जमलं.

एक अडचण: डिस्क रीजन ‘ए’ची, म्हणजे ठरावीक देशांतल्या प्लेअरसाठीची आहे. जपानी किंवा अमेरिकी प्लेअरवर चालेल, युरोपातल्या साध्या प्लेअरवर नाही. मागवण्याआधी प्लेअरच्या मागच्या बाजूला छापलेलं अक्षर बघून घ्या.